आबांचे पाहुणे आणि दिल्लीची मंजुरी

कंपनीत दोन गोष्टी रोज निघतात, स्क्रॅप आणि किस्से. स्क्रॅप उचलायला भंगारवाल्याचा टेम्पो येतो. किस्से मात्र कुणी उचलून नेत नाही, ते आमच्याच डोक्यात साचत राहतात. चहाला चौघीजणी बसलो की एक काहीतरी सांगते, लगेच दुसरी म्हणते, "हे काहीच नाही, आमच्याकडं काय झालं ते ऐक." आज माझी पाळी. ती कंपनी मी सोडलीय, त्यामुळं आता भ्यायचं कारण नाही. नाव तेवढं विचारू नका. रांजणगावच्या एमआयडीसीत गाड्यांचे पार्ट बनवणारी कंपनी, एवढं पुरे.

मी तिथं एचआरला होते. हजेरी, रजा, कँटीनची कूपनं, बसचे पास आणि मालकाच्या पाहुण्यांची बडदास्त, हे माझं खातं. मालक म्हणजे आबा. चेअरमनही तेच आणि मॅनेजिंग डायरेक्टरही तेच. मोठे जमीनवाले, शिरूर-दौंडच्या राजकारणात मुरलेले. कंपनी काढताना त्यांनी साखर कारखान्यासारखे गावोगाव शेअर खपवले. भीमेकाठच्या राहू गावात त्यांची सासुरवाडी, तिकडंही खपवले. म्हणजे कागदावर कंपनी सगळ्या सभासदांची. आणि पगार मात्र आबांच्या घरादाराला!

ही कायदा बदलायच्या आधीची गोष्ट. तेव्हा नियम असा होता की डायरेक्टरच्या नातेवाइकाला ठरावीक रकमेच्या वर पगार द्यायचा असेल, तर सभासदांनी सभेत ठराव करायचा आणि वर दिल्लीहून सरकारची मंजुरी आणायची. हे आबांना समजावून सांगायचं काम लेले साहेबांकडं. लेले म्हणजे आमचे कंपनी सेक्रेटरी. पुण्याहून रोज गाडी चालवत यायचे. शिक्रापूरच्या चौकात ट्रकांच्या गर्दीत अर्धे दमायचे आणि उरलेले आबांच्या केबिनमध्ये.

पहिल्यांदा लेलेंनी नियम सांगितला तेव्हा मी तिथंच उभी होते. आबांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हंजी माझ्या घरच्या मानसाला मी ताटात वाढायचं, तर दिल्लीला इचारायचं व्हय?"

लेले म्हणाले, "घरच्या ताटात वाढा की आबा. हे कंपनीचं ताट आहे."

"आन् कंपनी कुनाची?"

"सभासदांची."

आबा इतके हसले, इतके हसले, की डोळे पुसायला लागले. "लेले, तुम्ही लई इनोदी हाय बरं का!"

०

दिल्लीचा त्रास नको म्हणून आबांनी आधी सोपी युक्ती काढली. घरच्या प्रत्येकाचा पगार त्या मर्यादेला अगदी टेकवून, पण आत ठेवायचा. पहिला नंबर लागला मेहुण्यांचा, म्हणजे तात्यांचा. पोस्ट, लायझन ऑफिसर. लायझन कुणाशी, ते मी शेवटपर्यंत विचारलं नाही. त्यांनाही ठाऊक नसावं.

तात्या आठवड्यातून एकदा यायचे, ते पण गुरुवारी. आता रांजणगावात गुरुवार म्हणजे आमची साप्ताहिक सुट्टी. मशीन बंद, कँटीन बंद, गेटवर एक वॉचमन. एका गुरुवारी माझं रजेच्या हिशोबाचं काम राहिलं होतं म्हणून मी आले होते. बघते तर तात्या केबिनमध्ये एसी लावून पाय पसरून बसलेले, समोर घरून आणलेला डबा.

मी म्हटलं, "तात्या, आज सुट्टी आहे कंपनीला."

"ठावं हाय की! म्हनून तर आलो. चालू कंपनीत लई आवाज असतो, मानसाला बसवत न्हाई."

मी हात जोडले आणि माझं काम घेऊन दुसऱ्या खोलीत गेले. महिन्याच्या शेवटी त्यांनी माझ्याकडं अर्ज पाठवला. सुट्टीच्या दिवशी कामावर आल्याबद्दल ओव्हरटाइम मिळावा! आणि मिळाला हो. आबांची सही होती खाली.

०

दुसरा नंबर आक्कासाहेबांचा. म्हणजे आबांच्या मंडळी. त्या वेल्फेअर ॲडव्हायझर. बाई मनाने वाईट नव्हत्या, पण कंपनी कुठल्या रस्त्याला आहे हेही त्यांना ड्रायव्हरला विचारावं लागलं असतं.

लेले म्हणाले, "आबा, निदान हजेरी तरी खरी लागू द्या. उद्या कुणी तपासायला आलं तर माझी मान अडकायची." तेव्हा आमच्याकडं नवीनच थंब मशीन आलं होतं, अंगठा लावायचं. एकच मशीन, गेटवर. आता आक्का रोज रांजणगावला येणार थोड्याच? आबांनी त्यावर तोडगा काढला. आक्कांनी यायचं नाही, मशीननं जायचं. ड्रायव्हर रोज दुपारी मशीन काढून मांडीवर घेऊन शिरूरच्या बंगल्यावर जायचा, आक्कांचा अंगठा घ्यायचा आणि परत यायचा. नवरीची पेटी सांभाळावी तसं सांभाळायचा ते मशीन!

उन्हाळ्याचे दिवस. सेकंड शिफ्टची बस शिक्रापूरहून आली, पोरं गेटवर लायनीत उभी. मशीन नाही. वरून ऊन मी म्हणतंय. एक बिहारचा ऑपरेटर मला विचारतो, "मैडम, मशीन किधर है?" मी काय सांगणार? वॉचमन म्हणाला, "मशीन ड्यूटी पे गया है भाई, आता होगा."

तिकडं बंगल्यावर आक्का कुरडया घालत बसलेल्या. हात गव्हाच्या चिकानं भरलेले, अंगठा काही केल्या उमटेना. धुतला, पुसला, लिंबू चोळलं, तरी नाही. शेवटी एकदाचा उमटला आणि मशीन परत आलं, वर चिकाचा थर घेऊन. तोवर सगळी शिफ्ट उशिरात गेली. आणि उशीर झाला की मशीन आपोआप अर्धा दिवस कापायचं.

मी चिडून आबांकडं गेले. म्हटलं, "आबा, पोरं वेळेत आली होती. मशीनच जागेवर नव्हतं. कापलेला पगार परत द्यायला हवा."

आबा शांतपणे म्हणाले, "जाधव मॅडम, एवढं म्हागाचं मशीन, ते काय खोटं बोलंल व्हय?"

०

इथपर्यंत सगळं मर्यादेच्या आत चाललं होतं. मग आले जावईबापू.

जावईबापूंचं पुण्यात गाड्यांना सीट कव्हर आणि म्युझिक सिस्टिम बसवायचं दुकान होतं. ते बसलं. दुकान बसलं की सासरा आठवतो. डिग्री होती त्यांच्याकडं, पण कुठल्या कॉलेजची ते त्यांनाही पटकन सांगता यायचं नाही. पोस्ट ठरली क्वालिटी हेड. आता पगार? लेले म्हणाले, "तात्यांच्या एवढाच ठेवा, म्हणजे दिल्लीला जायला नको."

आबा उखडले. "जावयाला मेव्हन्याएवढा पगार? मग जावयाचा मान तो काय ऱ्हायला? गावात तोंड दाखवायला जागा ठेवू नका मला!"

झालं! निव्वळ मानापायी प्रकरण दिल्लीला निघालं.

आणि इथंच माझं डोकं फिरलं, कारण ती खुर्ची रिकामी नव्हतीच. जुने क्वालिटी हेड सोडून गेल्यापासून रूपाली कोळपे सगळं बघत होती. राहूची पोरगी. घरचे मूळचे मेंढपाळ, आता थोडा ऊस. इंजिनिअर झालेली, तोंडानं फटकळ, प्रॉडक्शनवाल्यांशी दिवसातून एकदा तरी भांडणारी. आबांनीच भर कँटीनमध्ये सांगितलं होतं, "आता ही खुर्ची तुझी, पोरी." पोरीनं घरी पेढे नेले. आणि आता जावयाच्या नावाची पाटी रंगवायला गेली.

त्या दिवशी बसची वाट बघताना ती मला म्हणाली, "मॅडम, लोक म्हणतात जाऊ दे, नोकरी तर आहे ना. का जाऊ दे? मला ती खुर्ची पाहिजे. माझी आहे ती."

मी म्हटलं, "बाई, दिल्लीवर भरवसा ठेव." आणि आमचंच आम्हाला हसू आलं.

०

दिल्लीच्या नियमात आणखी एक मेख होती. अशा उमेदवाराची रीतसर मुलाखत घ्यायची आणि मुलाखतीला बाहेरचा एक तज्ज्ञ बसवायचा. लेलेंनी पुण्याहून कॉलेजातले एक निवृत्त प्रोफेसर आणले. आबांना बजावलं, "तुम्ही आत बसायचं नाही."

आबा आत बसले नाहीत. दारात खुर्ची टाकून बसले. जावई एकटा आत आणि सासरा बाहेर फिरतोय, हे बरं दिसतं का!

जावई आले तशी आबांनी खूण केली. तात्यांनी जावयाला नारळ दिला, टॉवेल-टोपी दिली, टिळा लावला. मुलाखतीत! प्रोफेसर उठून उभे राहिले, त्यांना वाटलं पाहुण्यांचा सत्कार आधी होणार. त्यांना कुणी विचारलंसुद्धा नाही. ते तसेच खाली बसले. मग चहा आला. जावई कप हातात घेईनात. रीत आहे ना, जावयाला आग्रह करायचा असतो. तात्या म्हणाले "घ्या", शिपाई म्हणाला "घ्या", दारातून आबा म्हणाले "घ्या हो बापू, परकं का हाय?" तेव्हा घेतला.

प्रोफेसरांनी पहिला प्रश्न विचारला, "समजा एखाद्या पार्टचं रिजेक्शन अचानक वाढलं. तुम्ही सगळ्यात आधी काय कराल?"

जावईबापूंनी विचार केला, दाराकडं बघितलं आणि म्हणाले, "आबांना विचारीन."

आबा दारातून म्हणाले, "बराबर!"

प्रोफेसर जाताना गाडीत बसले तेव्हा मी त्यांना पाण्याची बाटली द्यायला गेले होते. मला म्हणाले, "मॅडम, या गृहस्थांना चहा पाजायला तीन माणसं लागली. कामाला लावायला किती लागतील?"

०

मग लेले म्हणाले, अर्जात लिहावं लागेल की उमेदवार नेमकं काय काम करणार, ज्यासाठी एवढा पगार. आता जावयांचं काम कोण सांगणार? आबांनी ते रूपालीवरच टाकलं. "पोरी, क्वालिटीत काय काय करावं लागतं ते लेल्यांना सांग जरा. चांगलं भरघोस सांग."

रूपाली आली ती रागानं लाल होऊन. लेलेंच्या टेबलासमोर उभी राहिली आणि सुरू झाली. सकाळी पत्र्याची कॉइल आली की जाडी तपासायची, पहिला पीस पास केल्याशिवाय प्रेस चालू करू द्यायची नाही, गेज तपासून घ्यायची, गिऱ्हाइकाचा माल परत आला तर त्यांच्या प्लांटला जाऊन शिव्या खायच्या, सप्लायरला शिव्या द्यायच्या, ऑडिटची तयारी करायची, नवीन पोरांना शिकवायचं. स्वतः काय काय करते ते सगळं एका दमात सांगितलं. लेले मान खाली घालून लिहीत होते. त्यांनाही लाज वाटत होती, मला दिसत होतं ना.

ते टाइप होऊन आबांच्या टेबलावर गेलं. शेजारी जावई बसलेले. त्यांनी वाचलं, भुवया वर गेल्या.

"आबा, एवढं सगळं मी करायचं?"

"कागदावर हाय हो, बापू."

"तसं नाही. एवढं सगळं मीच करणार असेन, तर त्या कोळपेला पगार कशाला द्यायचा?"

आणि आबा विचारात पडले हो! खरंच विचारात पडले. मला त्या क्षणी टेबलावरचा पेपरवेट उचलून... जाऊ दे. मी चहाचे कप गोळा केले आणि बाहेर आले.

०

दिल्लीचं उत्तर यायला वेळ होता, तोवर जावईबापू "ट्रायलवर" रुजू झाले. पांढरा शर्ट, गॉगल, सुगंध असा की ऑइलचा वास हरला.

आमच्या शॉपफ्लोअरवर खराब पार्ट टाकायला लाल डबे असतात. लाल म्हणजे रिजेक्ट, हिरवा म्हणजे चांगला, हे आमच्या झाडूवाल्या मावशीलाही कळतं. गिऱ्हाईक कंपनीचे लोक ऑडिटला यायचे होते. जावईबापू आदल्या दिवशी फ्लोअरवर चक्कर मारून आले आणि म्हणाले, "हे लाल-लाल काय लावलंय जागोजागी? बघवत नाही. पाहुणे येणार उद्या. सगळे डबे हिरवे करून टाका."

रूपाली त्या दिवशी सप्लायरकडं चाकणला गेली होती. पेंटरनं केले हिरवे.

दुसऱ्या दिवशी ऑडिटर फ्लोअरवर. पोरं गोंधळली, चांगलं आणि खराब सगळं एकाच जातीच्या डब्यात. ऑडिटरनं एका डब्यातून पार्ट उचलला, बघितला, तडा गेलेला. विचारलं, "तुमचे रिजेक्शनचे डबे कुठं आहेत?"

जावईबापू छाती काढून म्हणाले, "सर, आपल्याकडं रिजेक्शनचे डबेच ठेवलेले नाहीत!"

ऑडिटरला वाटलं चेष्टा करतोय. मग कळलं, नाही करत. रूपालीनं मध्ये पडून माल थांबवला, सगळी लाइन बंद केली, आठवडाभर पोरांना घेऊन एकेक पार्ट निवडत बसली. गिऱ्हाईक कंपनीच्या साहेबानं आबांना समोर बसवून विचारलं, "तुमचा क्वालिटी हेड नक्की कोण? आम्हाला एक नाव द्या, कायमचं. नाहीतर पुढची ऑर्डर विसरा."

आबांनी घाम पुसला. "साहेब, दिल्लीला अर्ज गेलाय. मंजुरी आली तर जावईबापू. न्हाई आली, तर कोळपेबाईंची कायमची ऑर्डर काढतो. आपला शब्द!"

रूपाली तिथंच उभी होती. साहेबानं सगळ्यांदेखत विचारलं, "नक्की?" आबा म्हणाले, "नक्की." आबांना खात्री होती ना. दिल्ली म्हणजे त्यांना वाटायचं, मोठं तहसील ऑफिस.

०

दिल्लीनं नाही म्हटलं नाही. होही म्हटलं नाही. एकच गोष्ट विचारली. आधीच्या सभेत सभासदांनी ठराव एकमताने केला हे ठीक, पण त्यातल्या डायरेक्टरच्या नातेवाइकांची मतं सोडून बाजूनं किती? सभा परत घ्या, नातेवाइकांना बाजूला ठेवा आणि कळवा.

आबा म्हणाले, "एवढंच व्हय? घ्या सभा. आचाऱ्याला सांगावा धाडा."

सभा शिक्रापूरला, हायवेवरच्या मंगल कार्यालयात. आमच्या सभेची रीत ठरलेली. आधी हार, मग ठराव, मग मटण. लोक ठरावाच्या वेळी मटणाकडं बघून हात वर करतात. मी आणि रूपाली दारात नावं टिपायला बसलो होतो. रूपाली एक शब्द बोलत नव्हती. फटकळ माणूस गप्प बसलं की भीती वाटते.

आबांनी हार घातले, घेतले. साखर कारखान्याची निवडणूक तोंडावर होती, आबांचं पॅनेल उभं, म्हणून सगळ्यांना नावानिशी हाका मारून झाल्या. मग लेले माइकवर उभे राहिले.

"जावईबापूंच्या नेमणुकीचा आणि पगाराचा ठराव आहे. सरकारची सूचना आहे की चेअरमनसाहेबांच्या नातेवाइकांनी मत देऊ नये. बाकीच्यांनी हात वर करावेत."

एकही हात वर झाला नाही.

सगळे एकमेकांकडं बघायला लागले. एका बाजूला आबांची भावकी, दुसऱ्या बाजूला सासुरवाडी, मध्ये व्याही, साडू, मावसभाऊ, लेकी दिलेल्या गावचे, सुना आणलेल्या गावचे. आबांनी शेअर खपवले होतेच मुळी पाहुण्यापाहुण्यांत! दुसऱ्या कुणी घेतले असते?

लेले घाबरले. "अहो, इतके लांबचे धरायचे नाहीत. कायद्यात नातेवाईक म्हणजे अगदी जवळचे ठरावीक. बाकी सगळे मत देऊ शकतात." त्यांनी समोरच्या रांगेतल्या एका वयस्कर गृहस्थांना विचारलं, "तुमचं काय नातं?"

"माझी चुलती आबांच्या घरात दिलीया."

"हां, मग तुम्ही कायद्यानं नातेवाईक नाही. करा हात वर."

गृहस्थ ताडकन उभे राहिले. "म्हंजी? आमी पाहुनं न्हाई?"

"तसं नाही, कायद्यानं..."

"कायदा कोन आमचं नातं तोडनार? चार पिढ्यांची सोयरीक हाय! भर सभेत आमाला परकं म्हन्ता?"

मागून कुणी ओरडलं, "त्याला म्हन्लात ते म्हन्लात, आमाला म्हनू नका!" तिसरा उभा राहिला, "आबांच्या थोरल्या लेकीच्या लग्नात मानाचा टॉवेल मला व्हता! इचारा आबांना!" सगळं कार्यालय उठलं. मत गेलं बाजूला, जो तो आपलं नातं सांगायला लागला. लेले माइकवर "मत द्या, मत द्या" करतायत आणि लोक म्हणतायत, "मत ऱ्हाऊ द्या खड्ड्यात! आदी सांगा, आमी पाहुनं हाय का न्हाई?"

पहिले गृहस्थ थेट आबांसमोर जाऊन उभे राहिले. "आबा, तुमीच सांगा. समद्यांच्या म्होरं. आमी तुमचं कोन?"

आबांनी सभेकडं बघितलं. निवडणूक तोंडावर. एवढी मतं समोर.

"पाहुनं," आबा म्हणाले. "समदं माझं पाहुनंच हाय."

टाळ्या पडल्या! सगळे समाधानानं खाली बसले. लेलेंनी कपाळाला हात लावला. दारात रूपालीनं माझा हात घट्ट धरला होता, बोटं दुखायला लागली माझी.

तेवढ्यात आबांची नजर गेली शेवटच्या रांगेत. तिथं खांबाला टेकून, पटका बांधलेला, खांद्यावर घोंगडी टाकलेला एक म्हातारा बसला होता. रूपालीचे वडील, धोंडिबा कोळपे. मेंढरं विकली तेव्हा त्या पैशातले थोडे घालून त्यांनी चार शेअर घेतले होते. धनगराचं घर, आबांशी सोयरीक कुठून असणार? सगळ्या कार्यालयात एवढा एकच माणूस बिननात्याचा.

आबांना हायसं वाटलं. "मामा! उठा, मामा. तुमी एकटंच मोकळं हाय बगा. तुमचा हात वर झाला की झालं. करा."

धोंडिबा मामा उठले. "कशाचा ठराव हाय, आबा?"

"जावईबापूंच्या पगाराचा."

"काय काम करत्यात?"

"क्वालिटीचं."

"ते तर आमची रूपा करती."

सगळ्या माना मागं वळल्या. रूपाली खाली बघत होती. आबा माइक सोडून चालत त्यांच्यापर्यंत गेले, आवाज खाली आला, पण सगळ्यांना ऐकू येत होतं.

"मामा, रूपाला कंपनीत कुनी घेतली, इसरला का?"

"न्हाई इसरलो."

"तिला पुढं बी हितंच काम करायचंय."

मामांचा हात काही वर जाईना. दरडावून काम होईना म्हटल्यावर आबांनी सूर बदलला. त्यांच्या खांद्यावर हात टाकला. आवाज आता भाषणाचा.

"अवो मामा, आपन काय परकं हाय का? तुमच्या बापानं आमच्या रानात मेंढरं बसवली. माझ्या आईनं तुमाला चुलीपाशी बसवून भाकरी वाढलीया. तुमी म्हंजी माझं भाऊच की! आन् रूपा माझी पुतनी! आपल्या घरातलं मानूस तुमी, मामा!"

"खरं म्हन्ता, आबा?"

"आईची आन!"

"ह्या समद्यांच्या म्होरं?"

"समद्यांच्या म्होरं सांगतो! तुमी माझ्या घरातलं!"

मामांनी आबांना हात जोडले. घोंगडी खांद्यावर नीट केली आणि लेलेंकडं वळून म्हणाले,

"सायेब, मंग माझं बी नाव पाहुन्यांत लिवा."

आणि खाली बसले.